नॉमिनेशन तुमच्या नावाचं, पेन्शन कुणाची?

पत्र (थोडं आटोपशीर करून):

आमचे मिस्टर जलसंपदा खात्यात कालव्यावर होते. १९९२ ला नोकरीला लागले. मार्च २०२३ मध्ये नोकरीत असतानाच हार्ट अटॅकने गेले. आमचं लग्न १९९८ चं. त्याआधी त्यांचं निफाड तालुक्यातल्या एका बाईशी लग्न झालेलं होतं, पण ते मोडलं. १९९६ मध्ये पाच पंचांसमोर शंभराच्या स्टॅम्पवर सोडचिठ्ठी झाली. त्यांना एक मुलगी आहे, तिचं लग्न झालंय. मला मुलगा २४ वर्षांचा आणि मुलगी २० वर्षांची, बी. कॉम. करते. तिच्यासाठी स्थळं बघतोय. सर्व्हिस बुकात सगळीकडे नॉमिनी म्हणून माझंच नाव आहे. तरी त्या बाईने ऑफिसात हरकत अर्ज दिला आणि ऑफिसने मला पत्र दिलं, की सक्षम न्यायालयाचे वारस प्रमाणपत्र आणा. तेव्हापासून पेन्शन, ग्रॅच्युइटी, मुलाचा अनुकंपाचा (वडिलांमागे नोकरी मिळण्याचा) अर्ज, सगळं अडकलंय. कोर्टाबाहेर एक जण म्हणाला, ६० हजार द्या, तिचं नाव न टाकता दोन महिन्यांत वारस दाखला काढून देतो. दीर म्हणतात, पेन्शन निम्मी-निम्मी करून स्टॅम्पवर लिहून घेऊ. मैत्रिणीचे यजमान झेडपीत शिक्षक होते, तिचं काम हायकोर्टात झालं, ती म्हणते सरळ हायकोर्ट गाठ. नॉमिनेशन असून पेन्शन मिळत नाही असं कसं? सोबत सोडचिठ्ठीची झेरॉक्स जोडली आहे.
— एक वाचक, सातपूर

उत्तर:

ताई, ते ६० हजार कुणाला देऊ नका. बाकीचं सावकाश बोलू, पण हे आजच ठरवून टाका.

वारसाचा कागद कोर्टातून दोन प्रकारे निघतो. एक १८२७ च्या मुंबई रेग्युलेशनखालचा वारस दाखला, दुसरा १९२५ च्या भारतीय उत्तराधिकार कायद्याखालचं उत्तराधिकार प्रमाणपत्र, ज्याला सगळे सक्सेशन म्हणतात. सक्सेशनच्या अर्जात मयताचे कुटुंबीय आणि जवळचे नातेवाईक कोण, ते लिहावंच लागतं. मुद्दाम एखादं नाव गाळलं तर प्रमाणपत्र नंतर रद्द होतं आणि खोटं लिहिल्याबद्दल फौजदारी वेगळी. शिवाय ज्या बाईंचं नाव तुम्ही गाळणार, त्यांचा हरकत अर्ज ऑफिसच्या फायलीत आधीच लावलेला आहे. दाखला टेबलावर ठेवताक्षणी लिपिक पहिलं ते पान उघडणार. म्हणजे पैसे गेले, वर तुम्ही कोर्टाशी खोटं बोललात हे कागदावर आलं. पुढच्या प्रत्येक कोर्टात हे तुमच्या आडवं येईल.

आणि समजा दाखला अगदी रीतसर मिळाला, तरी त्याने पेन्शन मिळत नाही. सक्सेशन हे मयताचं येणं आणि रोखे वसूल करण्यासाठी असतं. त्या चौकशीत कोर्टाने तुम्हाला पत्नी मानलं, तरी तोच प्रश्न दुसऱ्या दाव्यात पुन्हा काढता येतो, असं त्या कायद्यातच लिहिलंय. मग ऑफिसने ते मागितलं कशाला? माझी सगळी नोकरी आस्थापना शाखेत गेली, म्हणून सांगतो. ‘सक्षम न्यायालयाचे वारस प्रमाणपत्र सादर करावे’ हे वाक्य शाखेत तयारच असतं, नाव आणि जावक क्रमांक तेवढा बदलायचा. त्याचा खरा अर्थ इतकाच, की दोन बायका पत्नी म्हणून पुढे आल्यात, खरी कोण ते ठरवायची आमची ताकद नाही. यात ऑफिसचं फार चुकतं असंही मी म्हणणार नाही. फक्त योग्य कागदाचं नाव त्यांनी सांगायला हवं होतं.

आता नॉमिनेशन. भविष्य निर्वाह निधी, ग्रॅच्युइटी, गट विमा, यांना नॉमिनेशन असतं. सर्व्हिस बुकात ते फॉर्म चिकटवलेले असतात, तुम्ही पाहिले ते तेच. कुटुंब निवृत्तिवेतनाला नॉमिनेशन नसतं. कर्मचारी कुटुंबाची माहिती एका नमुन्यात भरून देतो, पण ती माहितीच. पेन्शन कुणाला जायची ते महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ मधला नियम ११६ ठरवतो. शेवटच्या मूळ वेतनाच्या ३० टक्के आणि त्यावर महागाई. नोकरीत असताना मृत्यू झाला तर सुरुवातीची काही वर्षं वाढीव दराने. ही रक्कम मयताची मालमत्ताच नाही, ती मृत्युपत्राने कुणाला देता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने १९९१ मध्ये सांगून ठेवलंय. म्हणजे मिस्टरांनी तुमचं नाव दहा ठिकाणी लिहिलं असतं, तरी पेन्शनपुरता त्याचा निकाल लागला नसता.

(तुमचे मिस्टर १९९२ ला लागले, म्हणून हे सरळ जुन्या पेन्शनचं प्रकरण आहे. १ नोव्हेंबर २००५ नंतर लागलेल्यांचं गणित वेगळं. त्यांच्यासाठी शासनाने ३१ मार्च २०२३ ला स्वतंत्र निर्णय काढला. असं घर तुमच्या ओळखीत असेल तर त्यांना हे उत्तर दाखवून गोंधळात टाकू नका.)

नियम ११६ मध्ये एक ओळ आहे, जी वाचून अनेक जणी आशेवर राहतात: एकाहून अधिक विधवा असतील तर पेन्शन समान वाट्याने द्यावी. या ओळीवरून वर्षानुवर्षं उलटसुलट निकाल लागत होते. २०१९ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात तीन न्यायाधीशांच्या पूर्णपीठाने तो घोळ संपवला. विधवा म्हणजे कायदेशीर लग्नाची विधवा. पहिली बायको हयात, लग्न मोडलेलं नाही, आणि दुसरं लग्न केलं, तर हिंदू विवाह कायद्याने ते दुसरं लग्न मुळातच रद्दबातल. त्या बाईला पेन्शन नाही. कितीही वर्षं संसार केला असो, रेशन कार्डावर नाव असो, आधारवर असो, गॅसच्या पुस्तकावर असो. तुमच्यासारख्या बाईला हे वाचून काय वाटेल याची मला कल्पना आहे. पंचवीस वर्षं ज्या घरात डबे भरले, त्या घरात आपण कोण, असा प्रश्न पडतो आणि कायदा त्याचं उत्तर फार तुटक देतो. मला तो तुटकपणा आवडत नाही. पण निफाडच्या बाईंच्या बाजूने बघितलं, तर लेकीला घेऊन माहेरी राहिलेल्या बाईकडे या लग्नाची म्हणून तेवढीच एक गोष्ट उरलीय.

इथे एक महत्त्वाचा अपवाद. तुम्ही पत्रात जात लिहिलेली नाही. तुमच्या सासरचे लोक अनुसूचित जमातीचे असतील, म्हणजे सुरगाणा, पेठ, कळवणकडचे कोकणा, महादेव कोळी, वारली, भिल्ल वगैरे, तर हिंदू विवाह कायदा त्यांना लागूच होत नाही. तिथे जमातीची रूढी काय आहे ते बघावं लागतं. रूढीने दुसरं लग्न चालत असेल, तर नियमातली ती ‘समान वाट्याने’वाली ओळ जिवंत होते. तसं असेल तर वकिलाला हे पहिल्याच भेटीत सांगा, कारण मग इथून पुढचं अर्धं उत्तर तुमच्यासाठी बदलतं.

तसं नसेल, तर सगळं त्या सोडचिठ्ठीवर आलं.

काडीमोड, फारकत, सोडचिठ्ठी या गोष्टी कायद्याने पुसलेल्या नाहीत. हिंदू विवाह कायद्याच्या कलम २९ ने रूढीने होणारी फारकत शाबूत ठेवली आहे. पण अट अशी, की अमुक जातीत, अमुक भागात अशी रूढी फार पूर्वीपासून चालत आली आहे हे दाव्यात नेमकं मांडावं लागतं आणि पुराव्याने शाबीत करावं लागतं. सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये हेच बजावलं. नुसता कागद दाखवून भागत नाही. स्टॅम्प शंभराचा असो की पाचशेचा, नोटरीचा लाल शिक्का असो की नसो, घटस्फोट स्टॅम्पने होत नाही.

तुमची झेरॉक्स मी भिंग लावून वाचली. ‘स्वखुशीने’ आहे, ‘यापुढे एकमेकांवर कसलाही हक्क राहिला नाही’ आहे, पाच सह्या आहेत, खाली ‘निशाणी डाव्या हाताचा अंगठा’ आहे. पण ‘आमच्या जातीच्या रिवाजाप्रमाणे’ असा एक शब्दही नाही. अंगठ्याशेजारी ती निशाणी कुणासमोर घेतली, नाव कुणाच्या हातचं, तेही नाही. आणि तुम्ही फक्त पुढची बाजू पाठवलीत. अशा स्टॅम्पच्या मागे मुद्रांक विक्रेत्याचा शिक्का असतो, अनुक्रमांक असतो, कुठल्या तारखेला कुणाच्या नावाने विकला ते असतं. ती तारीख १९९८ नंतरची निघाली तर कागद तिथेच संपला. १९९६ ची निघाली तर निदान कागद त्या वेळचा आहे एवढं तरी म्हणता येईल. मूळ कागद कुणाकडे आहे तेही बघा. झेरॉक्सवर साक्ष होत नाही.

मग माणसं शोधा. पाच पंचांपैकी हयात किती? त्यांच्यातला एक तरी उभा राहून सांगेल का, की आमच्या भावकीत अशा फारकती होतात, अमक्याची झाली, तमकीची झाली, आणि त्यानंतर दोघांनी दुसरी लग्नं लावली? रूढी शाबीत होते ती अशा उदाहरणांनी. निफाडच्या बाईंनी नंतर पाट लावला, म्हणजे दुसरं लग्न केलं होतं का? लावला असेल तर तुमची बाजू एकदम वजनदार होते. आणि एक गोष्ट हटकून तपासा: मिस्टर हयात असताना त्या बाईंनी निफाडच्या कोर्टात पोटगी मागितली होती का? असेल तर त्या प्रकरणाच्या नकला काढा. त्यात मिस्टरांनी दिलेलं लेखी म्हणणं असेल. त्यांनी तेव्हा ‘फारकत झाली आहे’ असं म्हटलंय की ‘ती नांदायला येत नाही’ असं, यावर तुमचं सगळं फिरेल. ‘नांदायला येत नाही’ म्हटलं असेल तर नवऱ्यानेच लग्न चालू असल्याचं कबूल केलं, असा त्याचा अर्थ लागतो. कोर्टाने पोटगी मंजूर केली असेल तर ती कशा आधारावर, तेही वाचा. घटस्फोटित पत्नीलाही पोटगी मिळते, त्यामुळे नुसत्या आदेशाने घाबरू नका.

एवढं बघून झाल्यावर एका जाणत्या वकिलाकडून एकच प्रश्न विचारून घ्या: ही फारकत कोर्टात टिकेल का? गोड बोलणाऱ्याला नको, ‘नाही’ म्हणायची हिंमत असलेल्याला विचारा.

आता मुलीचं. पत्रात तुम्ही तिच्याबद्दल स्थळांपुरतं लिहिलंय, आणि या सगळ्यात सर्वांत भक्कम दावा तिचाच आहे. लग्न रद्दबातल ठरलं तरी त्या लग्नाची मुलं कायद्याने औरस असतात, हिंदू विवाह कायद्याचं कलम १६. बिहारच्या एका कर्मचाऱ्याच्या अशाच प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००० मध्ये दुसऱ्या बायकोला पेन्शन नाकारली, पण तिच्या मुलांना सज्ञान होईपर्यंत कुटुंब निवृत्तिवेतनात आणि ग्रॅच्युइटीत वाटा दिला. आपल्या राज्याच्या नियमात मुलाला २१ पर्यंत आणि अविवाहित मुलीला २४ पर्यंत पात्र धरतात. मुलगा मिस्टर गेले तेव्हाच २१ पार होता, त्याचं पेन्शनपुरतं सोडून द्या. मुलगी तेव्हा शाळा-कॉलेजात होती, आजही पात्र आहे, आणि तिची मुदत रोज कमी होतेय. तुमच्या अर्जात तिचं नाव ‘कुटुंबातील व्यक्ती’ म्हणून असेल, पण तिचा स्वतःचा अर्ज गेलेला दिसत नाही. ती सज्ञान आहे. तिने स्वतःच्या सहीने, स्वतःच्या नावाने वेगळा अर्ज द्यावा: वडिलांच्या मृत्यूच्या तारखेपासून मला कुटुंब निवृत्तिवेतनाचा वाटा मिळावा. जन्मदाखला, वडिलांचं नाव असलेला शाळेचा दाखला, अविवाहित असल्याचं आणि उत्पन्न नसल्याचं प्रतिज्ञापत्र जोडायचं. आवक शिक्का मारलेली प्रत घरी. तुमच्या वादात तिचा अर्ज अडकवू नका. आई कोण, हा वाद तिच्या आड येत नाही. बाप कोण, याबद्दल वादच नाही.

स्थळांचं म्हणाल, तर लग्न झालं की तिची पात्रता तिथे थांबते, त्याआधीची थकबाकी जात नाही. पेन्शनसाठी चांगलं स्थळ सोडा असं मी सांगणार नाही, पण पैशाची ओढाताण आहे म्हणून तिला घाईने उजवत असाल तर थांबा. तिला पदवी घेऊ द्या.

पेन्शन सोडून बाकीचे पैसे, म्हणजे फंड, रजा रोखीकरण, गट विमा, यांचं गणित वेगळं. त्यातल्या ज्याला नॉमिनेशन आहे, तिथे नॉमिनी म्हणून रक्कम तुमच्या हातात येऊ शकते, पण फंडाचा नॉमिनी हा वारसांच्या वतीने पैसे घेणारा असतो, मालक नसतो, हे सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये सांगितलंय. सासूबाई हयात नाहीत असं धरतो. फारकत टिकली तर वारस तुम्ही, तुमची दोन मुलं आणि निफाडची मुलगी. फारकत टिकली नाही तर तुमच्या जागी निफाडच्या बाई. दोन्हीकडे वाटे चारच, रुपयातले प्रत्येकी चार आणे. म्हणजे निकाल काहीही लागो, तुमच्या मुलांचे आठ आणे कुठे जात नाहीत. दुसऱ्या लग्नाच्या मुलांना बापाच्या मिळकतीत वाटा आहे, हे २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा पक्कं केलं. या रकमांसाठी मात्र सक्सेशनचा उपयोग आहे. मुलांच्या नावाने, निफाडच्या दोघींना सामनेवाले करून, सगळं खरं लिहून अर्ज करा.

कोर्ट कुठलं, तर बायको कोण हे ठरवायचं असेल तर नाशिकच्या कौटुंबिक न्यायालयात. शहरात कौटुंबिक न्यायालय असलं की वैवाहिक दर्जाच्या घोषणेचा दावा तिथेच लागतो, दिवाणी कोर्टात टाकला तर दोन वर्षांनी ‘अधिकार नाही’ म्हणून परत येऊ शकतो. ऑफिसने पेन्शन अडवली त्याविरुद्ध जायचं ते महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये. १९९१ पासून राज्य सरकारी कर्मचाऱ्यांची सेवा आणि पेन्शनची प्रकरणं तिथे चालतात. नाशिक जिल्हा मॅटच्या मुंबई पीठाकडे येतो. धुळे-जळगावची माणसं छत्रपती संभाजीनगरला जातात, त्यांचं ऐकून चुकीच्या गाडीत बसू नका. तुमची मैत्रीण हायकोर्टात गेली ते बरोबरच, कारण झेडपीचे कर्मचारी मॅटच्या कक्षेत येत नाहीत. तुम्ही सरळ गेलात तर हायकोर्ट विचारेल, मॅट का नाही? १९९७ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालापासून आधी न्यायाधिकरण, मग हायकोर्टाचं खंडपीठ, हा रस्ता ठरलेला आहे.

मॅटला मुदत असते. अंतिम आदेशापासून एक वर्ष. निवेदन देऊन उत्तरच आलं नाही तर सहा महिने थांबून पुढे एक वर्ष. ऑफिसचं पत्र येऊन तुम्हाला वर्ष उलटलं असेल तर विलंब माफीचा अर्ज जोडावा लागेल. पेन्शन दर महिन्याला देय होते, म्हणून उशीर झाला तरी दावा सहसा मरत नाही, पण मागची थकबाकी मात्र कापली जाते. अशा प्रकरणांत दावा लावायच्या आधीच्या तीन वर्षांपुरतीच थकबाकी द्यावी, असं सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्ये म्हटलंय. म्हणून मुलीचं निवेदन लवकर, आणि त्याचं उत्तर नकारार्थी आलं किंवा आलंच नाही, तर मॅटमधला अर्जही तिच्याच नावाने. त्यात उशिराबद्दल व्याजही मागा. पेन्शन नियमांत १२९-अ आणि १२९-ब त्यासाठीच आहेत.

तुम्ही स्वतः अर्जदार म्हणून मॅटमध्ये जावं का? फारकतीचा पुरावा हाताशी असेल तर जा. नसेल तर मॅट बहुधा म्हणेल, लग्नाच्या वादाचा निकाल सक्षम न्यायालयातून आणा, आणि तुम्ही फिरून कौटुंबिक न्यायालयाच्याच दारात याल. ‘त्या म्हाताऱ्या आहेत, थांबलं तर आपोआप तुमच्याकडे येईल’ असंही कुणीतरी सांगेल. येत नाही. सुरुवातीलाच रद्दबातल असलेलं लग्न पहिली बायको गेल्याने कायदेशीर होत नाही.

खर्चाची भीती घालून घेऊ नका. विधी सेवा प्राधिकरण कायद्याने स्त्रीला मोफत वकील मिळतो, उत्पन्नाची अट न बघता. जिल्हा न्यायालयात जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं ऑफिस आहे, तिथे तुम्ही आणि मुलगी दोघी अर्ज करा. मुंबईच्या कामासाठी काय करायचं तेही तिथेच विचारा. तारखेला बहुतेक वेळा वकीलच असतो, त्यामुळे दर वेळी पहाटे उठून पंचवटी एक्सप्रेस पकडायची वेळ येत नाही.

राहिले तुमचे दीर. माणूस वाईट सांगत नाही, पण निम्म्या-निम्म्या पेन्शनचा स्टॅम्प कुचकामी आहे. १८७१ चा पेन्शन कायदा अजून लागू आहे. पुढे मिळणारी पेन्शन दुसऱ्याला लिहून दिली तर ते लिहून देणं रद्दबातल, असं त्यात स्पष्ट आहे. निफाडच्या बाईंनी दोन वर्षं निम्मे पैसे दिले आणि तिसऱ्या वर्षी बंद केले, तर तो कागद घेऊन तुम्हाला कुठेही जाता येणार नाही.

तडजोड मात्र करता येते, आणि फारकतीचा पुरावा लंगडा असेल तर मी तीच करीन. पेन्शनवर त्यांच्याशी भांडायचं नाही, मुलीच्या वाट्यापुरता आग्रह धरायचा. बदल्यात त्यांनी मुलाच्या अनुकंपाला ना-हरकत द्यायची आणि फंड-ग्रॅच्युइटीत चार वाटे मान्य करायचे. दुसऱ्या लग्नाचा मुलगा म्हणून अनुकंपा नाकारता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये आणि पुन्हा २०२२ मध्ये सांगितलंय, पण कुटुंबातून एकालाच नोकरी मिळते आणि बाकीच्यांची ना-हरकत ऑफिस मागतंच. तुमच्यासाठी ही नोकरी पेन्शनहून मोठी आहे. त्यांनाही नुसत्या हरकतीने आजवर एक पैसा मिळालेला नाही, त्यामुळे त्या ऐकतील असं मला वाटतं. ठरलं तर लोक अदालतीत नोंदवा. तिथल्या निवाड्यावर अपील नसतं. मात्र लोक अदालतीत कुणी कुणाची बायको ठरत नाही, म्हणून तडजोडीत तसलं वाक्य घालू देऊ नका, फक्त पैशाचं आणि ना-हरकतीचं लिहा.

बोलायला जाताना दिरांना नेऊ नका. तुमच्या मुलीला निफाडच्या मुलीशी फोनवर बोलू द्या, दोघींचा बाप एकच होता. आणि निफाडच्या बाईंचा हरकत मागे घेतल्याचा अर्ज ऑफिसात आवक क्रमांक पडून आत गेल्याशिवाय तुम्ही कसल्याही पावतीवर सही करायची नाही.